चेकचे शेजारी

चेक बाउन्स म्हटलं की पुण्यात कुणालाही एकच आकडा आठवतो: एकशे अडतीस. पेठेत चहाच्या टपरीवर उभं राहून ‘टाक त्याच्यावर एकशे अडतीस’ असा सल्ला द्यायला वकिलीची सनद लागत नाही. निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स ॲक्ट 1881 चा, पण हे कलम त्यात आलं शंभर वर्षं उलटून गेल्यावर. 1 एप्रिल 1989 पासून ते लागू झालं आणि न वटलेला चेक म्हणजे तुरुंग, अशी धास्ती लोकांच्या मनात बसली ती आजतागायत. म्हणूनच माझ्या धाकट्या भावाच्या प्रेसमध्ये बेलिफ समन्स देऊन गेला आणि त्यात कुठेच 138 दिसेना, तेव्हा त्याला हायसं वाटलं.

“ताई, दिवाणी आहे गं,” तो फोनवर म्हणाला. “दिवाणी म्हणजे काय, नातवंडं निकाल ऐकतील.”

मी त्याला समन्सचा फोटो पाठवायला सांगितला. माझी नोकरी बँकेतली, त्यातली बरीचशी क्लिअरिंगमधली. परत जाणाऱ्या चेकना रिटर्न मेमो लावण्यात माझी कैक वर्षं गेली. ‘फंड्स इनसफिशियंट’ हे सरळ कारण. ‘रेफर टू ड्रॉवर’ हे सभ्य माणसांचं; म्हणजे पैसे नाहीत, पण ते आम्ही आमच्या तोंडानं कशाला सांगू. मेमो लावून चेक परत पाठवला की आमचं काम संपे. त्यापुढे त्याचं काय होतं हे आम्हाला कधी दिसायचं नाही. पण समन्सच्या डोक्यावर ‘आदेश 37’ असं वाचलं आणि एवढं कळलं की भावाकडे नातवंडांपर्यंतचा वेळ नाही. दहा दिवस आहेत.

साध्या दिवाणी दाव्यात प्रतिवादी कैफियत, म्हणजे आपलं लेखी उत्तर, देतो, मुद्दे निघतात, पुरावा होतो, उलटतपास होतो, तारखा पडतात. भावाच्या डोक्यात होता तो हा दावा. दिवाणी प्रक्रिया संहितेतला 37 वा आदेश मात्र वेगळ्या गाडीचा रूळ आहे. चेक, हुंडी, प्रॉमिसरी नोट किंवा लेखी करारातली ठरावीक रक्कम, अशांवरच तो चालतो. त्याला समरी सूट म्हणतात. यात समन्स मिळाल्यापासून दहा दिवसांत प्रतिवादीनं कोर्टात हजेरी नोंदवायची आणि आपला पत्ता द्यायचा. ती नोंदवली नाही, तर दाव्यात लिहिलेलं सगळं त्याला कबूल आहे असं धरून थेट हुकूमनामा, म्हणजे पैसे द्यायचा निकाल, होऊ शकतो. हजेरी नोंदवली की वादी दुसरं समन्स पाठवतो, त्याला समन्स फॉर जजमेंट म्हणतात. त्यापासून पुन्हा दहा दिवसांत प्रतिवादीनं प्रतिज्ञापत्रावर अर्ज करायचा, की मला बचाव करू द्या. वकील मंडळी त्याला ‘लीव्ह टू डिफेंड’ म्हणतात. म्हणजे बचाव मांडण्याआधी बचावाची परवानगी मागायची, आणि ती मिळेलच असं नाही.

हे ऐकून भाऊ चिडला. “माझ्यावर दावा, आणि मीच बोलायला परवानगी मागू?”

मला ते तितकं अन्यायाचं वाटलं नाही. क्लिअरिंगच्या टेबलापलीकडे चेक हातात घेऊन उभी असलेली माणसं मी पाहिली आहेत. माल देऊन बसलेला छोटा दुकानदार, पगाराचा चेक परत आलेली बाई. अशा माणसाला ‘तुझा चेक खरा की खोटा, ये सात वर्षं भांडू’ म्हणणं हीसुद्धा चेष्टाच. इंग्लंडमध्ये 1855 साली बिल ऑफ एक्स्चेंजसाठी, म्हणजे हुंडीच्याच जातीच्या कागदासाठी, असा झटपट दाव्याचा कायदा झाला, आणि तीच कल्पना पुढे आपल्याकडे आली. 1908 च्या आपल्या संहितेत हुंडीचं नाव आजही जसंच्या तसं आहे. सही करून पैसे द्यायचं वचन दिलंस ना, मग आता कुरकुर कसली, असा त्या कायद्याचा एकूण सूर आहे. बाजार चालायचा तर तो सूर लागतोच. पण सही एका कामासाठी केली आणि कागद दुसऱ्याच कामाला लागला, तर हाच सूर माणसाचा गळा दाबतो. भावाच्या बाबतीत नेमकं हेच झालं होतं.

त्याचा छोटा ऑफसेट प्रेस. लग्नपत्रिका, पावतीपुस्तकं, गणेश मंडळांचे अहवाल, कधीतरी एखाद्या संस्थेची स्मरणिका. कागद एकाच शेठकडून यायचा, तोही उधारीवर. नोटाबंदीनंतर बाजारात रोकड आटली, तेव्हा शेठनं सगळ्या गिऱ्हाइकांकडून एकेक सही केलेला कोरा चेक मागून घेतला. “सिक्युरिटी म्हणून राहू दे, वटवणार थोडाच आहे.” 2017 च्या जानेवारीत भावानं तो दिला. कागदाच्या, कापडाच्या, औषधांच्या, कुठल्याही घाऊक बाजारात विचारा. अशा चेकांची फाइल प्रत्येक दुकानात असते. बँकाही एकेकाळी कर्जदाराकडून असेच चेकचे गठ्ठे घ्यायच्या. देणारा आणि घेणारा दोघांनाही माहीत असतं की हा चेक म्हणजे पैसे नाहीत, धाक आहे. फक्त हे माहीत असणं कुठे लिहिलेलं नसतं.

पुढे कोविड आला. लग्नं पन्नास माणसांत उरकायला लागली, पत्रिका व्हॉट्सॲपवर गेल्या आणि शेठकडून येणारा कागद कमी कमी होत थांबला. शेठही थकले, धंदा मुलाकडे गेला. मुलाला फाइल सापडली. ऑक्टोबर 2022 ची तारीख, दोन लाख चौऱ्याऐंशी हजारांची रक्कम, आणि चेक बँकेत. अर्थात परत. मुलानं एकशे अडतीसची नोटीस पाठवलीही होती, पण उशिरा. चेक परत आल्याचं कळल्यापासून तीस दिवसांत ती जावी लागते, मग पैसे द्यायला पंधरा दिवस, मग महिन्याभरात तक्रार. पहिलीच पायरी चुकल्यामुळे फौजदारीचा दरवाजा बंद झाला. दिवाणी दाव्याला मात्र तीन वर्षांची मुदत असते. म्हणून हा समरी सूट.

नोटीस आली तेव्हाच तिला उत्तर द्यायला हवं होतं. भावानं ती ड्रॉवरमध्ये टाकली होती. या विषयावर त्या आठवड्यात आमच्या वहिनी जे बोलल्या त्यात मी भर घालण्यासारखं काही उरलं नव्हतं.

वकीलबाई आम्हाला ओळखीतून मिळाल्या. शिवाजीनगरला कोर्टासमोरच्या एका इमारतीत त्यांचं छोटं ऑफिस. त्यांनी आधी वकीलपत्रावर सही घेतली, हजेरीचा अर्ज टाईप करायला दिला आणि मगच खुर्ची ओढून घेत म्हणाल्या, “आता सांगा. आणि चेक चोरीला गेला होता असं काही सांगणार असाल तर आत्ताच सांगून टाका, म्हणजे आपला सगळ्यांचा वेळ वाचेल.”

भाऊ गोंधळला. तो तसं काही सांगणार नव्हता, पण टपरीवर कुणीतरी नेमका तोच सल्ला दिला होता हे मला त्याच्या चेहऱ्यावरून कळलं. बाईंचं म्हणणं असं, की प्रतिवादींपैकी निम्मे चेक हरवला म्हणतात, उरलेले सही माझी नाही म्हणतात, आणि दोघांनीही ना पोलिसांत तक्रार दिलेली असते, ना बँकेला पेमेंट थांबवायला सांगितलेलं असतं. असा बचाव परवानगीच्या पायरीवरच गडगडतो.

मग भावानं शाईचा मुद्दा काढला. सही निळ्या बॉलपेनची, रक्कम आणि तारीख काळ्या जेलपेननं, अक्षरही वेगळं. त्याला वाटत होतं की एवढं दाखवलं की खेळ खल्लास. बाईंनी मान हलवली. सही करून कोरा कागद स्वखुशीनं दिलात म्हणजे तो भरायचा अधिकारही दिलात, असं कायदा धरतो. 2019 मध्ये बीर सिंग विरुद्ध मुकेश कुमार या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं हेच सांगितलं: कोरा चेक सही करून दिला असला, तरी तो देण्यापोटी दिला असंच गृहीत धरलं जाईल, आणि तसं नव्हतं हे दाखवायची जबाबदारी सही करणाऱ्याची. “शाईवर दावे जिंकत नाहीत,” बाई म्हणाल्या. “चेक कोरा दिलात हे तुम्हीच सांगताय, मग शाई वेगळी असणारच. त्यात सिद्ध काय झालं? मला हे सांगा, तो 2022 मध्ये तुम्ही दिला नाही, हे कागदावर कसं दिसेल?”

तेव्हा मी तोंड उघडलं. समन्ससोबत चेकची झेरॉक्स होती आणि मी घरून निघाल्यापासून तिच्यावरचा सहा आकडी नंबर बघत होते.

चेक कधीच एकटा जन्माला येत नाही. त्याच्या आधीचा नंबर असतो, नंतरचा असतो. एका पुस्तकात ते मांडीला मांडी लावून बसलेले असतात. कोर्टात मात्र तो एकटाच उभा राहतो आणि एकटा असतो तोवर त्याच्यावर जे लिहिलंय तेच खरं दिसतं. त्याला त्याच्या शेजाऱ्यांत परत नेऊन बसवणं, माझ्या मते समरी सूटमधला बचाव म्हणजे एवढंच. बाकी सगळी भाषणं.

ज्या खात्याचा हा चेक, त्याचा उतारा आम्ही बँकेतून काढला. त्या पुस्तकाचं पहिलं पान डिसेंबर 2016 मध्ये वटलेलं. मग ओळीनं प्लेटमेकर, बाइंडर, जागेचं भाडं. शेवटचं पान मे 2017 मध्ये. मधलं एकच पान गायब, दाव्यातलं. त्याच्या आधीचा चेक जानेवारी 2017 मध्ये वटलेला, नंतरचा त्याच महिन्याच्या अखेरीस. त्यानंतर भावानं दोन चेकबुकं घेतली आणि संपवली. 2019 पासून तर त्यानं धंद्याचं खातं दुसऱ्याच बँकेत उघडलं होतं. जुन्या खात्यातून फक्त विजेचं बिल जायचं. शेठचे पैसेही 2019 नंतर नव्या खात्यातून एनईएफटीनं गेलेले. मग 2022 मध्ये देणं फेडायला बसलेला माणूस पाच वर्षांपूर्वी संपलेल्या पुस्तकातलं मधलंच एक पान, तेही बंद पडत आलेल्या खात्याचं, का शोधून काढेल?

वकीलबाईंनी चष्मा काढून ठेवला. “हे आधी का नाही बोललात?” मी म्हटलं, तुम्ही विचारत होतात यांना.

दुसरा शेजारी जीएसटी. वादीचं म्हणणं होतं की 2021-22 मध्ये माल दिला, त्यापोटी हा चेक. पण दाव्यासोबत एकही इनव्हॉइस नव्हतं. आदेश 37 मध्ये चेक हाच दाव्याचा पाया असल्यानं त्यांना ते लावायची गरज वाटली नसावी. आता जीएसटीखाली त्या वर्षी माल विकला, इनव्हॉइस फाडलं, तर ते विक्रेत्याच्या रिटर्नमध्ये जातं आणि तिथून खरेदीदाराच्या टू-बी नावाच्या महिन्याच्या उताऱ्यात आपोआप उमटतं. भावाचा अकाउंटंट शनिवार पेठेत एका जिन्याखालच्या खोलीत बसतो. त्यानं त्या अख्ख्या वर्षाची टू-बी दहा मिनिटांत काढून दिली. शेठच्या दुकानाच्या नावानं तीन नोंदी, सगळ्या मिळून एक्केचाळीस हजार तीनशे.

आणि इथे घरात भांडण पेटलं, कारण हे एक्केचाळीस हजार तीनशे खरोखरच द्यायचे राहिले होते.

भाऊ म्हणाला, याचा उल्लेखच करायचा नाही. “मी बाकी आहे म्हटलं की कोर्ट म्हणेल बघा, हा देणेकरी आहेच, मग दोन लाख चौऱ्याऐंशी काय आणि एक्केचाळीस काय.” माणूस कोर्टाला घाबरतो म्हणजे काय ते मला तेव्हा कळलं. एरवी तो गिऱ्हाइकाला दोन रुपये जास्त लागले तरी परत बोलावून देतो. पण समन्स आल्यापासून त्याला वाटायला लागलं होतं की इथे खरं बोलणं म्हणजे हातचं सोडणं. वहिनींना उलट वाटत होतं, की देऊन टाका सगळे दोन लाख चौऱ्याऐंशी, नको ती कटकट. त्यांच्या माहेरी कुणाच्या तरी जमिनीचा दावा वर्षानुवर्षं चाललेला, त्याचं भूत त्यांच्या मानगुटीवर होतं. मी दोघांच्या मधे चहा करत होते.

वकीलबाईंनी आदेशातली तरतूदच वाचून दाखवली. प्रतिवादीनं मांडलेल्या गोष्टींत दम नाही किंवा बचाव निव्वळ त्रास द्यायला केलेला आहे, असं वाटल्याशिवाय कोर्टानं परवानगी नाकारायची नाही. पण दाव्यातला काही भाग प्रतिवादीला मान्य असेल, तर तेवढी रक्कम कोर्टात भरल्याशिवाय परवानगी द्यायची नाही. “तुम्ही हे लपवलंत आणि त्यांनी तीन इनव्हॉइस पुढच्या तारखेला आणून ठेवली, तर तुमच्या चेकबुकाच्या गोष्टीवर कोण विश्वास ठेवेल? टू-बी तुम्हीच लावताय, त्यात त्या तीन नोंदी दिसतायत. मान्य करा, भरा, मग उरलेल्यावर ताठ मानेनं बोला.”

भाऊ दोन दिवस गप्प होता. मग त्यानं प्रतिज्ञापत्रावर सही केली. त्यात रक्कम आकड्यात आणि अक्षरात होती, इनव्हॉइसचे नंबर होते, आणि ती का राहिली याचं कारण एका ओळीत होतं: माल ओलसर आला होता म्हणून वाद होता. तो वाद आम्ही उगाळला नाही. मला ते प्रतिज्ञापत्र आजही आवडतं. त्यात कुठेही ‘कपट’, ‘कारस्थान’, ‘वादी हा लबाड इसम’ असलं काही नाही. तारखा, नंबर, रकमा आणि शेवटी सोबत जोडलेल्या कागदांची फेरिस्त.

परवानगी मिळाली तरी एक खड्डा असतो, तो कुणी आधी सांगत नाही. कोर्ट अट घालू शकतं: बचाव करा, पण आधी दाव्याची रक्कम भरा, किंवा तेवढ्याचं तारण द्या. छोट्या धंदेवाल्याकडे दोन-तीन लाख रोख असते तर बरेचसे वाद कोर्टात आलेच नसते. म्हणजे अट पुरी झाली नाही की बचाव कागदावरच राहतो आणि हुकूमनामा होतो. बचाव खरा वाटतो की बनावट, सबळ की लंगडा, यावर ही अट घालायची की नाही ते ठरतं. मेकॅलेक इंजिनिअर्सच्या 1976 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयानं या पायऱ्या मांडल्या आणि 2016 मध्ये हबटाउनच्या प्रकरणात त्या पुन्हा नीट लावून दिल्या. बचाव सबळ असेल तर बिनशर्त परवानगी. सुनावणी घेण्याजोगा प्रश्न प्रामाणिकपणे उभा केला असेल, तर तिथेही एरवी बिनशर्तच. शंका असेल तिथे अट. निव्वळ पोकळ असेल तर नकार.

पण वकीलबाईंनी आमच्यासाठी शोधून काढलेला निकाल त्याहून जुना होता, 1958 चा. संतोष कुमार विरुद्ध भाई मूल सिंग. साठ हजारांचा चेक, न वटलेला. प्रतिवादीचं म्हणणं: हा चेक मालाच्या किमतीसाठी तारण म्हणून दिला होता, मालाचे पैसे रोखीनं आणि दुसऱ्या चेकांनी केव्हाच फेडले, आता हा मला परत मिळायला हवा. खालच्या कोर्टानं परवानगी दिली, पण कागदोपत्री पुरावा जोडला नाही म्हणून तारणाची अट घातली. सर्वोच्च न्यायालयानं ती अट काढून टाकली. बचाव वरवर पाहता खरा असेल आणि त्यावर सुनावणी व्हायला हवी असेल, तर पुरावा आधीच समोर नाही म्हणून माणसाला अटीत अडकवता येत नाही. पुरावा द्यायची वेळ परवानगीनंतर येते, आधी नाही. निकाल न्यायमूर्ती विव्हियन बोस यांनी लिहिला. ते नागपूरच्या उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती होते, म्हणून मला उगाच आपलेपणा वाटला. त्याहून नवल वाटलं ते याचं, की ‘सिक्युरिटी म्हणून राहू दे, वटवणार थोडाच आहे’ हे वाक्य साठ-सत्तर वर्षांपूर्वीही कुणीतरी कुणाला तरी म्हटलं होतं.

सुनावणीच्या दिवशी मी कोथरूडहून मेट्रोनं गेले. जिल्हा न्यायालयाचं स्टेशन झाल्यापासून कोर्टात जाणं फार सोपं झालंय. भाऊ स्कूटर घेऊन आला आणि जागा शोधत फिरत राहिला. कोर्टाच्या आवारात नोटरी, टायपिस्ट, कोर्टफी स्टँप, झेरॉक्स, आणि झाडाखाली घोळक्यानं उभी राहिलेली कुटुंबं. दिवाणी कोर्टातल्या लोकांचे चेहरे रुग्णालयातल्यासारखे घाबरे नसतात, रेल्वे फलाटावरच्यासारखे असतात. गाडी येणार हे माहीत आहे, कधी ते नाही. पूर्वी तारखेसाठी कारकुनाभोवती घुटमळावं लागे, आता ई-कोर्ट्सच्या ॲपमध्ये दिसते. तरी पुकारा होईपर्यंत कुणी दारापासून हलत नाही.

आमचा पुकारा दुपारी झाला. वादीच्या वकिलांनी चेक, मेमो, कायद्यातलं गृहीतक, एवढं मांडलं आणि ते पाच मिनिटांत बसले. त्यांच्या बाजूनं पाहिलं तर बोलायला तेवढंच होतं. आमच्या बाईंनी खातेउताऱ्यावर पिवळ्या पट्ट्या लावून ठेवल्या होत्या. न्यायाधीशांनी उतारा स्वतः उलटला, नंबरावर बोट ठेवलं आणि वादीच्या वकिलांना एकच प्रश्न विचारला, की या चेकपोटी दिलेल्या मालाचं इनव्हॉइस कुठाय. वकिलांनी सूचना घेऊन सांगतो म्हटलं. नंतर आदेश झाला: मान्य केलेली एक्केचाळीस हजार तीनशेची रक्कम चार आठवड्यांत कोर्टात भरावी, बाकी दाव्यापुरती बचावाची परवानगी. बाकी अट नाही.

भावाला वाटलं जिंकलो. जिंकलो वगैरे काही नव्हतं. आता तो साधा दिवाणी दावा झाला होता, त्याच्या फोनवरच्या भाकितातला. कैफियत, मुद्दे, सगळं पुढे. कैफियतीला जोडायच्या उताऱ्याला बँकर्स बुक्स एव्हिडन्स ॲक्टप्रमाणे प्रमाणपत्र हवं. हा 1891 चा कायदा, आमच्या नोकरीत शिक्का मारताना त्याचं नाव घ्यायचो. शाखेतल्या तरुण अधिकाऱ्याला त्याचा मजकूर माहीत नव्हता. मी त्याला तो तोंडपाठ सांगितला, त्यानं टाईप केला. टू-बीच्या प्रिंटला वेगळं प्रमाणपत्र, कारण तो संगणकातला कागद. जुलै 2024 पासून पुराव्याचा कायदाच बदलला, जुनं 65-बी जाऊन नव्या कायद्याचं कलम 63 आलं. त्यामुळे कुठल्या नमुन्यात द्यायचं यावर कोर्टाच्या पायऱ्यांवरच दोन वकिलांची जुंपली. ते ऐकायला मजा आली.

मुद्दे निघाल्यावर शेठच्या मुलाचा फोन आला. थेट भावाला. मला त्या मुलाचा राग होता, पण त्याचं म्हणणं ऐकल्यावर थोडा ओसरला. वडिलांच्या पश्चात हाती आलेली वही अर्धी वडिलांच्या डोक्यात होती. फाइलीत पन्नासएक चेक, कुणाचे पैसे खरंच राहिलेले, कुणाचे केव्हाच फिटलेले. कुणी मान्य करेना. मग त्यानं सगळ्यांवर व्याजासकट आकडे टाकले आणि ज्याच्याकडून जे येईल ते, असं ठरवलं. काहींनी घाबरून दिलेही. हे त्यानं असं सांगितलं जणू वसुलीचा हाच रीतसर मार्ग आहे. यावर काय बोलणार?

तडजोड पुरसिस, म्हणजे समेट झाल्याचं कोर्टाला दिलेलं लेखी निवेदन, दाखल झाली. कोर्टात भरलेली रक्कम वादीनं उचलायची, उरलेला दावा सोडून द्यायचा, खर्च ज्याचा त्यानं सोसायचा. भावाची एकच अट होती, की चेक रद्द झाल्याचं पुरसिशीत नंबरासकट लिहावं आणि आपला असा आणखी कुठला कागद त्यांच्याकडे नाही हेही लिहावं. मुलगा म्हणाला, असेल तर मला कसं कळणार? शेवटी ‘असल्यास तोही रद्द समजावा’ असं टाईप झालं. मूळ चेक दाखल करणाऱ्याला परत मिळतो, म्हणजे वादीला. भावाला तो फाडायचा होता, ते काही जमलं नाही.

आता प्रेसला कागद दुसऱ्या व्यापाऱ्याकडून येतो. उधारी सुरू करताना त्यानंही सिक्युरिटी चेक मागितला. भावानं वकीलबाईंकडून मसुदा करून नेला होता: चेक नंबर, कशासाठी दिला, कमाल किती रकमेपर्यंत, बाकीचा उतारा पाठवून आठ दिवस झाल्याशिवाय भरायचा नाही, आणि खाली पोचेची सही. व्यापाऱ्यानं तो मन लावून वाचला, घडी करून परत दिला आणि म्हणाला, “एवढं लिहून घ्यायचं तर मग विश्वास कशाला म्हणायचं, साहेब?” त्या दिवसापासून भाऊ रोखीनं घेतो, रिमागणिक.